फ्रीजवरचा गठ्ठा

२०२५ च्या ऑगस्टमध्ये मी ठाण्याला गेले होते. बहिणीच्या कबरीवर जावयाचे होते, आणि तिच्या माघारी तिच्या घराची काय अवस्था आहे तेही पाहावयाचे होते. घर म्हणजे भाच्याचा फ्लॅट. तो दुबईला गेला २०१२ साली. तिकडच्या पगारातून त्याने हा फ्लॅट घेतला आणि आईला तेथे ठेवले. ती २०२१ च्या मे महिन्यात गेली. ते दिवस कसले होते हे आपणा सर्वांना ठाऊक आहेच. अमिरातीने एप्रिलच्या अखेरीस भारतातून येणारी विमाने बंद केली होती. भाचा गेला असता तर त्याला परत येता आले नसते, आणि नोकरी गेली असती. मी इकडे अश्दोदला अडकलेली. शेजाऱ्यांनी आणि समाजाच्या मंडळींनीच तिला पोहोचविले.

फ्लॅटमध्ये आता एक भाडेकरू राहतात. सज्जन गृहस्थ. त्यांनी चहा दिला आणि निघताना माझ्या हातात रबर लावलेला एक गठ्ठा ठेवला. चार वर्षांची टपाले. "साहेबांना व्हॉट्सअ‍ॅपवर कळविले होते, ते म्हणाले राहू द्या," असे ते म्हणाले. बँकेची पाकिटे, सोसायटीची पत्रे, आणि दोनतीन पाकिटांवर आयकर खात्याचा शिक्का. मी ती आमसुलांच्या पुडीशेजारी बॅगेत टाकली आणि परतीच्या वाटेवर बारा दिवस दुबईला भाच्याकडे उतरले.

तो राहतो दुबई इन्व्हेस्टमेंट्स पार्कमध्ये. दुबई म्हटले की आपल्या डोळ्यांपुढे उंच मनोरे येतात. तसे येथे काही नाही. ही जेबेल अलीच्या बाजूची कारखान्यांची वसाहत. १९९७ साली वसविली, सुमारे २३०० हेक्टर. एकीकडे कारखाने, गोदामे, कामगारांच्या खोल्या, आणि त्यांना लागूनच कुटुंबांच्या इमारती. सकाळी कंपन्यांच्या बसेस रांगेने उभ्या असतात. ऑगस्टमध्ये दुपारी रस्त्यावर चिटपाखरू नसते, संध्याकाळी मात्र खालच्या वाणसामानाच्या दुकानात मालवणी, कोल्हापुरी, मल्याळी, उर्दू सगळे एकदम ऐकू येते. २०२१ पासून मेट्रोचे स्टेशनही झाले आहे. मला ती जागा आवडली. आमच्या पहिल्या दिवसांतल्या अश्दोदची आठवण झाली; तेथेही कामाला आलेली माणसे होती आणि वाळू होती.

गठ्ठा मी पहिल्याच रात्री भाच्याच्या हाती दिला. त्याने पाहिला, "बरं झालं मावशी, आणलास," असे म्हणाला आणि फ्रीजवर ठेवून दिला. दुसरा दिवस गेला, तिसरा गेला. पाणी घ्यावयास फ्रीज उघडी, पण मान वर करीत नसे. सूनबाई मला हळूच म्हणाली, "मावशी, तो विषय काढू नका. ते रात्रभर झोपत नाहीत."

मी तेहतीस वर्षे परिचारिका होते. एक्स-रेचे बंद पाकीट बगलेत घेऊन महिनाभर हिंडणारे रोगी मी पुष्कळ पाहिले आहेत. मोठमोठी शिकलेली माणसे. त्यांना वाटते, पाकीट उघडले नाही तोवर आत काही नाही. भाचा इंजिनिअर आहे, कारखान्यात शंभर माणसांवर देखरेख करतो, पण ह्या बाबतीत तो त्याच रांगेत बसलेला.

मला रागवावयाचा अधिकार नव्हता. कारण मीही एकदा तेच केले आहे. आमच्या घरी कागदपत्रे यजमान पाहत. मी सकाळी हॉस्पिटलात आणि आठवड्याच्या तीन संध्याकाळी एका वृद्धाश्रमात काम करी. दोन ठिकाणी पगार असला की मास हख्नासाकडून तेउम मास करून घ्यावा लागतो, नाहीतर दुसऱ्या पगारातून सर्वांत वरच्या दराने कर कापला जातो. हे यजमान दरवर्षी जानेवारीत करीत. ते गेल्यावर मी केले नाही. कापलेला कर तलूशवर दर महिन्याला छापून येई आणि मी ती घडी करून बिस्किटांच्या डब्यात ठेवी. इस्राएलमध्ये जादा कापलेला कर सहा वर्षांपर्यंत मागे जाऊन परत मागता येतो. मी डबा उघडला तेव्हा सातवे वर्ष लागले होते. मधल्या वर्षांचे पैसे मिळाले, पण पहिल्या वर्षाचे गेले ते गेलेच. ती रक्कम माझ्या दोन महिन्यांच्या संध्याकाळच्या पगाराएवढी होती. त्या वर्षी मी मुलीला दाताच्या तारा लावून देऊ शकले नव्हते. हे मी कोणाला सांगितले नव्हते, ते भाच्याला सांगितले.

तेव्हा तो बोलला. कर भरावयाची त्याला भीती नव्हतीच. २०२० पर्यंत तो दरवर्षी भारतातले रिटर्न स्वतः भरीत असे. दुबईत पगारावर आयकर नाही हे खरे. तेथे २०१८ पासून मालावर पाच टक्के व्हॅट आहे, वीजपाण्याच्या बिलातून घरभाड्याच्या पाच टक्के पालिकेची फी जाते, पण पगाराचे रिटर्न असे काही नाही. म्हणून तेथल्या पुष्कळ लोकांना वाटते की आपला आणि आयकराचा संबंध सुटला. पण भारतात ज्याचे भाडे येते, बँकेत एनआरओ खात्यावर व्याज चढते, त्याला भारताचा कायदा लागतोच. भाच्याची तेथे आठ लाखांची मुदत ठेव होती. तिच्या व्याजातून बँक कर कापी, आणि तो परत मिळविण्यासाठी हा रिटर्न भरी. खात्याच्या संकेतस्थळावर मोबाइल नंबर दिला होता आईचा. कारण भारतातला चालू नंबर तोच एक. जुलै महिन्यात हा येथून फोन लावी, ठाण्याला आईच्या फोनवर ओटीपी येई, आणि ती चष्मा लावून वाचून दाखवी. "थांब हं. सत्तेचाळीस. मग ब्याण्णव. मग शून्य आठ. लिहिलंस का?" वर्षातून एकदा हा त्यांचा कार्यक्रम.

"ती गेल्यावर २०२१ मध्ये मी बसलो होतो भरायला," तो म्हणाला. "पासवर्ड विसरलो होतो. ओटीपी पाठवू का, असं विचारलं. पुढे नंबराचे शेवटचे आकडे. मी कॉम्प्युटर बंद केला." आणखी वर्षाने त्याने तो नंबर लावून पाहिला. कोणी हिंदी बोलणारा मुलगा बोलला. नंबर दुसऱ्याला गेला होता.

ह्यावर मी काय बोलणार? सूनबाईने चहा टाकला. पण तेव्हाच मला हेही समजले की ह्या माणसाला कराचा जाणकार नको आहे, शेजारी कोणीतरी बसावयास हवे आहे.

रविवार, २४ ऑगस्ट. तेथे आता शनिवार-रविवार सुट्टी असते. आम्ही न्याहारी करून जेवणाच्या टेबलावर बसलो. मी सांगितले, आज काहीही भरावयाचे नाही, फक्त पाकिटे उघडावयाची. मी उघडीन, तू तारीख आणि विषय वहीत लिही. नव्या वॉर्डात ड्युटी घेताना आम्ही हेच करीत असू. आधी प्रत्येक खाटेपाशी उभे राहून कोण, कधीपासून, काय चालू आहे एवढेच लिहावयाचे. औषध मागाहून.

चाळीस मिनिटांत गठ्ठा संपला. निम्मी पाकिटे बँकेच्या जाहिरातींची. सोसायटीची पत्रे पाण्याच्या टाकीची. उरले ते असे: बँकेने कापलेल्या कराचे दाखले, भाडेकरूने कापलेल्या कराचे दाखले, आणि खात्याची पत्रे. त्या पत्रांत दंड नव्हता. तुमच्या नावावर कर कापला गेलेला दिसतो, रिटर्न मात्र दिसत नाही, तरी खुलासा करावा, एवढेच. चार वर्षे ज्याच्यासाठी झोप उडविली ते हे.

भाडेकरूच्या दाखल्यांबद्दल थोडे सांगते, कारण आपल्या कितीतरी कुटुंबांची ठाणे, पनवेल, अलिबागकडे घरे भाड्याने आहेत. घरमालक परदेशी राहत असेल तर भाडे देणाऱ्याने त्यातून कर कापून सरकारात भरावा असा नियम आहे, आणि तो शेकडा ३१.२ पर्यंत जातो. पुष्कळ भाडेकरूंना हे ठाऊक नसते. आमच्या ह्या गृहस्थांना सोसायटीच्या सेक्रेटरींनी सांगितले. ते स्वतः बँकेतून निवृत्त झालेले. तेव्हा महिना वीस हजार भाड्यातून ते ६,२४० कापत आणि भरत. वर्षाचे झाले ७४,८८०. ठेवीवर वर्षाला ५६,००० व्याज, त्यातून बँकेने कापले १७,४७२. दोन्ही मिळून ९२,३५२ रुपये.

आता दुसरी बाजू पाहा. भाडे वर्षाला २,४०,०००. त्यातून घरपट्टीचे भरलेले ४,००० वजा. राहिलेल्यातून दुरुस्ती वगैरेसाठी कायदा सरसकट तीस टक्के सूट देतो, ७०,८००. उरले १,६५,२००. त्यात व्याज मिळवा, २,२१,२००. आणि २०२४-२५ च्या वर्षासाठी नव्या पद्धतीत तीन लाखांपर्यंत, जुन्या पद्धतीत अडीच लाखांपर्यंत कर नाही. म्हणजे त्याला एक पैसाही देणे नव्हते. उलट ९२,३५२ येणे होते. हिशोब वहीत मांडून झाल्यावर तो बराच वेळ त्या आकड्याकडे पाहत बसला. मग म्हणाला, "आणि असं चार वर्षांचं?" तितके नव्हते, भाडे २०२२ पासून सुरू झाले, पण बरेच होते. तिकडे आईच्या कबरीचा दगड अजून साधाच आहे, कारण चांगल्या दगडासाठी पैसे साठवीत आहोत असे तो मला दोन वर्षे सांगत होता.

मग ओटीपीचा प्रश्न. त्याला वाट होती, आणि ती सोपी होती. ज्या बँकेत एनआरओ खाते आहे तिच्या नेट बँकिंगमधून खात्याच्या संकेतस्थळावर सरळ जाता येते. तेथे जुना पासवर्ड लागत नाही. बँकेत त्याचा दुबईचा नंबर नोंदलेला होताच. आत गेल्यावर त्याने आपल्या माहितीतला आईचा नंबर काढला आणि स्वतःचा घातला. परदेशी राहणाऱ्याला परदेशी नंबर देता येतो. पाऊण तास लागला, त्यातला अर्धा तास तो नुसता तो नंबर पाहत होता. मी उठून खिडकीशी गेले. समोर ट्रक वळत होते.

परंतु येथे एक गाठ निघाली. पॅन निष्क्रिय झाले होते. पॅन आधारला जोडावे असा नियम आला, आणि १ जुलै २०२३ पासून न जोडलेली पॅन निष्क्रिय धरली गेली. अनिवासी भारतीयांना ह्यातून सूट आहे. पण तुम्ही अनिवासी आहात हे खात्याला कसे कळावे? मागल्या तीन वर्षांत ज्यांनी अनिवासी म्हणून रिटर्न भरले होते त्यांची नोंद खात्याने आपण होऊन केली. ह्याने नेमकी तीच वर्षे भरली नव्हती. पॅन निष्क्रिय असले तरी रिटर्न भरता येते, पण परतावा अडकतो. उपाय म्हणजे आपल्या भागातल्या आयकर अधिकाऱ्याला पॅनची प्रत आणि परदेशी राहत असल्याचा पुरावा पाठवावयाचा. अधिकारी कोण हे संकेतस्थळावरच दिसते. त्याने पासपोर्टवरच्या शिक्क्यांची आणि रहिवासी परवान्याची चित्रे काढून त्याच दुपारी पाठविली.

पासपोर्ट हाती होता म्हणून भारतातले दिवसही मोजून घेतले. वर्षात १८२ दिवस किंवा अधिक भारतात राहिले तर माणूस तेथला रहिवासी ठरतो. भारतातली मिळकत पंधरा लाखांवर असेल तर हा आकडा १२० वर येतो. ह्याचे भरले बावीस दिवस. सूनबाईने दिनदर्शिकेवर दरवर्षी जाण्यायेण्याच्या तारखांना वर्तुळ करावयाचे ठरविले. मी म्हटले, बाळंतपणाच्या तारखा लिहून ठेवायची सवय असते तशी ही ठेव. ती लाजली.

कॉम्प्युटर बंद करण्याआधी आम्ही खात्याकडची माहिती आमच्या वहीशी ताडून पाहिली. खात्याकडे प्रत्येकाचे एक वार्षिक माहिती विवरण असते, आणि २६ एएस नावाचा दुसरा तक्ता. कोणी किती दिले आणि किती कापले ते त्यात असते. आपल्या दाखल्यांशी ते जुळले पाहिजे. येथे एका तिमाहीचे १८,७२० दिसेनात. ठाण्याला फोन केला. भाडेकरूंनी कागद काढून पाहिले. त्या तिमाहीत पॅनचे एक अक्षर चुकीचे पडले होते. बिचारे इतके ओशाळले की मलाच वाईट वाटले. दुरुस्ती भरली, ती खात्याकडे दिसावयास दोन आठवडे लागले.

ह्यामुळेच मी सांगते की शेवटच्या रात्रीवर ठेवू नका. आपले काम तासाचे असते, पण मध्ये दुसऱ्या कोणाची तरी चूक निघते आणि ती सुधारावयास त्यांनाही दिवस लागतात. एरव्ही शेवटची तारीख ३१ जुलै असते. त्या वर्षी सरकारने ती १५ सप्टेंबर केली होती (मागाहून एक दिवस आणखी वाढविली) म्हणून आमचे निभावले.

मागच्या चार वर्षांचे काय? उशिराचे रिटर्न ३१ डिसेंबरपर्यंतच घेतात. अद्ययावत म्हणून नंतर जे भरता येते त्यात परतावा मागता येत नाही. पण खऱ्या अडचणीमुळे राहून गेले असेल तर उशीर माफ करावा असा अर्ज करता येतो, आणि १ ऑक्टोबर २०२४ च्या परिपत्रकाप्रमाणे त्या त्या करनिर्धारण वर्षाच्या अखेरीपासून पाच वर्षांच्या आत तो करावा लागतो. ह्याची चारही वर्षे आत बसत होती. अर्जात कारण लिहावयाचे असते. त्याने दोन ओळी लिहिल्या आणि पुसल्या, पुन्हा लिहिल्या. मी म्हटले, "अरे बाबा, केसपेपरवर लिहितात तसं लिही. काय झालं, कधी झालं." मग त्याने लिहिले की आईचे मे २०२१ मध्ये निधन झाले, नोंदलेला फोन तिचा होता, प्रवासबंदीमुळे जाता आले नाही. मृत्यूचा दाखला जोडला. हा दाखला तोपर्यंत त्याने वाचलेला नव्हता, असे सूनबाई नंतर म्हणाली.

तेथे काही जण म्हणतात, एखाद्या माणसाला हजार-दोन हजार देऊन सगळे करून घ्यावे. ज्याची शेअरची, घरविक्रीची भानगड आहे त्याने जाणत्या सनदी लेखापालाकडे जावेच. पण त्याच्याकडे नेतानाही गठ्ठा उघडलेला असावा लागतो, ते काम कोणी आपल्यासाठी करीत नाही. आणि एक गोष्ट आपल्या इस्राएलमधल्या मंडळींसाठी. नवीन आलेल्यांना परदेशातल्या मिळकतीवर दहा वर्षे येथे कर नाही. पण १ जानेवारी २०२६ पासून येणाऱ्यांना ती मिळकत कळवावी मात्र लागते. दहा वर्षे उलटली की ठाण्याच्या भाड्याचा प्रश्न येथेही उभा राहतो. आपल्यापैकी कितीजणांनी तो विचार केला आहे, मला शंका आहे. भारतातही २०२५ साली संसदेने नवा आयकर कायदा केला आहे, १ एप्रिल २०२६ पासूनचा. कलमांचे आकडे त्यात बदलले आहेत, तेव्हा माझ्या ह्या लेखातले आकडे डोळे मिटून वापरू नका.

मी निघाले तेव्हा फ्रीजच्या दारावर एक कागद लावला होता. महिन्याच्या पहिल्या रविवारी, संध्याकाळचा चहा झाल्यावर, त्या महिन्याचे भाडे, कापलेला कर, घरपट्टी असल्यास पावती, एवढे वहीत लिहावयाचे. दहा मिनिटे. वॉर्डातल्या तापाच्या तक्त्यासारखे. रोजचे टिंब रोज दिले तर रेघ आपोआप दिसते, आठवड्याने बसून आठवून टिंबे देणारी मुलगी हमखास चुकते. मी तशा मुलींना ओरडत असे.

१० सप्टेंबरला रात्री अश्दोदला माझा फोन वाजला. तिमाहीचे पैसे दिसू लागले होते, अनिवासी असल्याची नोंद लागली होती, रिटर्न भरून झाले होते. भरल्यावर तीस दिवसांच्या आत ते आपलेच आहे अशी खात्री करून द्यावी लागते, नाहीतर भरल्याचा काही उपयोग नाही. त्यासाठी बँकेमार्फत एक आकडा येतो. "आला, मावशी," तो म्हणाला, आणि मला वाचून दाखवू लागला. बँकवाले म्हणतात असला आकडा कोणाला सांगू नये. बरोबर आहे त्यांचे. मी काही लिहून घेतला नाही. तो सावकाश, दोन दोन आकडे वाचीत होता, मध्ये थांबत होता.

परतावा डिसेंबरमध्ये जमा झाला. चार अर्जांचे उत्तर यावयाचे आहे. ठाण्याच्या दगडावर कोणती अक्षरे घालावी ह्यावर आमचे दोघांचे फोनवर वाद चालू आहेत. त्याला मराठी आणि हिब्रू दोन्ही हवे आहेत, आणि मला वाटते तिच्या नावाखाली फक्त मराठी असावे, ती तीच वाचत असे.